घरच्या गोष्टी आणि आपले नाव

आपल्या स्मरणिकेत दरवर्षी मंडळाच्या कामाचा अहवाल असतो, पाककृती असतात, एखादे प्रवासवर्णन असते. यंदा चिटणीसबाईंनी मला ‘इतिहासावर काही लिहा’ असे सांगितले. इतिहास म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे गड, लढाया आणि सनावळ्या उभ्या राहतात आणि त्यांच्याशी असलेला आपला संबंध शाळेबरोबरच सुटला असे आपल्याला वाटते. परंतु आणखी एक इतिहास आहे. तो जात्यापाशी, अंगणात, निवडणटिपण करताना सांगितला जातो. त्याला आपण इतिहास म्हणत नाही; ‘घरच्या गोष्टी’ म्हणतो. मात्र ‘मी कोण’ या प्रश्नाचे उत्तर माणसाला पाठ्यपुस्तकातून मिळण्याच्या कितीतरी आधी या गोष्टींतून मिळालेले असते. बायकांच्या बाबतीत तर पुष्कळदा ते दुसरीकडे कोठे मिळतच नाही. आज मला भगिनींपुढे मांडावयाचे आहे ते हेच.

मानसशास्त्रज्ञ सांगतात की, सर्वसाधारण माणसाला वयाच्या तिसऱ्या-साडेतिसऱ्या वर्षापूर्वीचे स्वतःचे काही आठवत नाही. मग आपला जन्म कोठे झाला, त्या रात्री पाऊस होता की नाही, बारशाला कोण आले होते, नाव कोणी सुचवले, हे आपण इतक्या खात्रीने कसे सांगतो? ते आपण पाहिलेले नसते, ऐकलेले असते. आई, आजी, मावशी, आत्या यांनी ते इतक्यांदा सांगितलेले असते की, ते आपल्याच डोळ्यांनी पाहिल्यासारखे वाटू लागते. म्हणजे आपल्या आयुष्याच्या पोथीची पहिली पाने दुसऱ्यांनी लिहिलेली असतात आणि ती लिहिणाऱ्या बहुधा घरातल्या बायकाच असतात.

अमेरिकेतील एमरी विद्यापीठात मार्शल ड्यूक आणि रॉबिन फिवुश या दोघा मानसशास्त्रज्ञांनी २००१ च्या सुमारास मुलांना विचारण्यासाठी वीस प्रश्नांची एक यादी केली. तुझी आई कोठे वाढली? आजी-आजोबा कोठे वाढले? आईवडिलांची भेट कशी झाली? असे ते साधे प्रश्न होते. ज्या मुलांना घरची अशी माहिती अधिक होती, त्या मुलांचा स्वतःवरचा विश्वासही अधिक असल्याचे त्यांना आढळले. वीस उत्तरे पाठ करून घेतली की मूल धीट होते, असा मात्र याचा अर्थ नाही, हेही त्यांनीच बजावले आहे. उत्तरे माहीत असतात, कारण त्या घरात जेवताना, निजताना कोणीतरी मुलांजवळ बसून बोलत असते. खरे मोल त्या बसण्याचे आहे.

आता आपल्याकडची गोष्ट पाहू. आपल्याकडे पुष्कळ घराण्यांत लग्नात मुलीचे नाव बदलण्याची चाल होती आणि काही ठिकाणी ती आजही आहे. ताम्हणात तांदूळ पसरावयाचे आणि नवऱ्यामुलाने अंगठीने त्यावर नवे नाव लिहावयाचे. आडनाव तर बदलेच, शिवाय आईने पाळण्यात ठेवलेले नावही जाई. सर्वच समाजांत ही रीत नाही आणि कायद्याने तर नाव बदलणे कधीच सक्तीचे नव्हते. पण जेथे ही रीत होती तेथे नऊ-दहा वर्षांची मुलगी एका दिवसात गाव, घर, आडनाव आणि नाव असे सगळे मागे ठेवून येई. बरोबर येत ती चार भांडी, दोन लुगडी आणि लहानपणीच्या आठवणी. भांडी-लुगडी सासरच्या घरात मिसळून जात. आठवणी तेवढ्या तिच्या राहत.

मराठीत बायकांनी लिहिलेली जी जुनी आत्मचरित्रे आहेत, ती या दृष्टीने वाचून पाहावीत. रमाबाई रानडे या माहेरच्या यमुना कुर्लेकर, देवराष्ट्र्याच्या. लक्ष्मीबाई टिळक या नाशिकजवळच्या जलालपूरच्या मनकर्णिका गोखले. आनंदीबाई कर्वे या देवरुखच्या गोदू जोशी आणि पार्वतीबाई आठवले या त्यांच्या धाकट्या बहीण कृष्णा. यमुना, मनकर्णिका, गोदा, कृष्णा! काशीच्या घाटाचे आणि नद्यांचे नाव घेऊन आलेल्या या चार मुली, आणि चौघींचीही ही नावे सासरी गेल्यावर मागे पडली. आज ती आपल्याला माहीत आहेत याचे मुख्य कारण त्या लिहित्या झाल्या, हेच आहे. त्यांच्या बरोबरीने त्याच अंगणात सागरगोटे खेळलेल्या मुलींची नावे आज कोणालाच सांगता येणार नाहीत.

या पुस्तकांची नावेही पाहण्यासारखी आहेत. रमाबाईंचा विवाह १८७३ साली, वयाच्या अकराव्या वर्षी झाला. अक्षरओळख नव्हती. न्यायमूर्ती रानड्यांनी त्यांना शिकवावयास आरंभ केला तेव्हा घरातल्या वडील बायकांचा त्याला विरोध होता. शिकणाऱ्या सुनेला दिवसभर टोमणे ऐकावे लागत आणि ते सोसून त्या शिकल्या. पुढे १९०९ साली पुण्याच्या सेवासदनाचा पाया घालणाऱ्यांत त्या होत्या. न्यायमूर्ती १९०१ साली निवर्तले आणि रमाबाईंचे पुस्तक १९१० साली निघाले. त्याचे नाव ‘आमच्या आयुष्यातील कांही आठवणी’. ‘माझ्या’ नव्हे, ‘आमच्या’. पतीची आठवण सांगण्यासाठी म्हणून लेखणी हाती घ्यावयाची आणि त्या आडोशाने हळूच स्वतःचे चार शब्द सांगावयाचे, एवढीच सवड त्या काळाने त्यांना दिली होती. पण ते चार शब्द त्यांनी सांगितले म्हणून शंभर-सव्वाशे वर्षांमागच्या एका मोठ्या घरातील सासुरवाशिणीचा दिवस कसा उगवे आणि कसा मावळे, हे आपल्याला कळते. न्यायमूर्तींच्या व्याख्यानांच्या पुस्तकांतून ते कळले नसते.

पुढे १९२८ साली पार्वतीबाई आठवल्यांचे पुस्तक आले, ‘माझी कहाणी’. १९४४ साली त्यांच्या थोरल्या बहिणीचे आले, ‘माझे पुराण’. ‘आमच्या’चे ‘माझी’, ‘माझे’ होण्यास अठरा वर्षे लागली.

या दोघी बहिणी एकाच आईबापांच्या, एकाच अंगणात वाढलेल्या. दोघींनाही लहान वयात वैधव्य आले. थोरली गोदू भावाच्या आधाराने मुंबईस आली. पंडिता रमाबाईंनी १८८९ साली शारदासदन काढले, त्याच्या पहिल्या विद्यार्थिनींत ती होती. १८९३ साली तिने धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह केला आणि त्यापायी दोघांनाही गावचा बहिष्कार सोसावा लागला. धाकटीने पुनर्विवाह केला नाही. ती शिकली, अण्णासाहेब कर्व्यांच्या हिंगण्याच्या आश्रमासाठी वर्गणी मागत गावोगाव हिंडली आणि पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस त्याच कामासाठी थेट अमेरिकेस जाऊन आली. एकाच घरच्या गोष्टी दोघींनी ऐकल्या. पण त्यांतून निघालेल्या वाटा दोन झाल्या. म्हणून मला वाटते की, घरच्या गोष्टी माणसाला घडवितात हे खरे, पण साच्यातून गणपती काढावा तशा त्या घडवीत नाहीत. त्या शिदोरी देतात. शिदोरी घेऊन कोणत्या रस्त्याला लागावयाचे हे ज्याचे त्याने ठरवावयाचे असते.

याचे सर्वांत उत्तम उदाहरण लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ हे आहे. १९३४ पासून भागाभागाने निघालेले हे पुस्तक आपल्यापैकी पुष्कळ जणींनी वाचले असेल. त्याच्या आरंभीच एक कहाणी आहे आणि ती लक्ष्मीबाईंच्या जन्माच्या अकरा वर्षे आधीची आहे. १८५७ च्या धामधुमीत त्यांच्या आजोबांना फाशी झाले. घरावर आलेल्या त्या आघातानंतर वडिलांच्या मनात सोवळ्याचे वेड शिरले. बाहेरून येणारी प्रत्येक वस्तू धुऊन घ्यावयाची, कोणाचा स्पर्श झाला की अनर्थ, आणि त्या धाकात सगळे घर वावरावयाचे. लक्ष्मीबाईंनी फाशी पाहिली नव्हती. त्यांनी पाहिले ते सोवळे. पण त्या सोवळ्याच्या पाठीमागे काय आहे हे त्यांना घरच्या गोष्टींनी सांगितले.

सत्तावन्न सालावर मराठीत पुष्कळ लिहिले गेले आहे. विष्णुभट गोडसे यांनी झाशीस जे डोळ्यांनी पाहिले ते लिहून ठेवले आणि त्यांच्या मृत्यूनंतर १९०७ साली ते ‘माझा प्रवास’ म्हणून छापले गेले. तोफा, वेढा, लूट हे सारे त्यात आहे. परंतु सत्तावन्न साल एका घराच्या स्वयंपाकघरात शिरून पुढे वीस वर्षे लहान मुलांच्या मनावर कसे बसून राहिले, हे सांगण्यास लक्ष्मीबाईच हव्या होत्या. आणि त्यांनी ते कसे सांगितले? वडिलांची निंदा केली नाही, त्यांची आरतीही केली नाही. हसत हसत, जसे होते तसे सांगितले. ज्या मुलीला घरातल्या धाकाचे मूळ ठाऊक असते, ती मोठेपणी त्या धाकातून बाहेर पडू शकते. १८९५ साली पती ख्रिस्ती झाले तेव्हा लक्ष्मीबाई त्यांच्याबरोबर गेल्या नाहीत. काही वर्षे वेगळ्या राहिल्या, रडल्या, झुंजल्या. त्या काळातच माणसांमाणसांतली शिवाशिव खोटी आहे हे त्यांनी स्वतःच्या मनाशी ठरविले आणि मग मागे पाहिले नाही. सोवळ्याने वेढलेल्या घरातली मनू येथवर आली, ती आपले बालपण विसरून नव्हे. ते नीट आठवून, त्याची पारख करून ती आली.

येथवर मी ज्यांची नावे घेतली त्या सगळ्या एका विशिष्ट समाजातील होत्या. तेवढ्यावर थांबले तर गोष्ट अर्धीच राहील. लक्ष्मीबाईंचा जन्म होण्याच्याही आधी, १८५५ साली, ‘ज्ञानोदय’ पत्रात मुक्ता साळवे नावाच्या एका शाळकरी मुलीचा निबंध छापून आला. ती मातंग समाजातील. जोतिराव आणि सावित्रीबाई फुले यांच्या शाळेत शिकणारी. मांग-महारांच्या दुःखाविषयीचा तो निबंध आहे. त्यात तिने पेशवाईच्या काळात आपल्या लोकांवर कोणते जुलूम झाले, हे सांगितले आहे. आता पेशवाई बुडाली १८१८ साली. तेव्हा मुक्ताचा जन्मही झालेला नव्हता. तिला हे कोणी सांगितले? शाळेच्या पुस्तकांत ते नव्हते. घरच्या आणि वाड्यातल्या वडीलधाऱ्या माणसांकडूनच ते तिच्यापर्यंत आले असणार. तिच्या घरच्या गोष्टींत पराक्रम नव्हता, वैभव नव्हते. होते ते दुःख आणि अपमान. शाळेने तिला अक्षर दिले आणि त्या अक्षराने तिने सर्वांत आधी लिहिले ते हेच.

मुक्ताच्या निबंधानंतर सव्वाशेहून अधिक वर्षांनी बेबीताई कांबळे यांनी ‘जिणं आमचं’ लिहिले. ‘स्त्री’ मासिकात ते १९८२ साली येऊ लागले आणि १९८६ साली पुस्तक झाले. वीरगावच्या आजोळी गेलेले बालपण, महारवाड्यातल्या चालीरीती, भूक, बायकांचे हाल, आणि डॉ. आंबेडकरांच्या चळवळीने त्या वस्तीत आलेले नवे वारे हे सारे त्यात आहे. आपले लिखाण त्यांनी कित्येक वर्षे घरातल्या माणसांपासूनही लपवून ठेवले होते. या पुस्तकाच्या नावात पुन्हा ‘आमचं’ आले आहे. पण रमाबाईंचे ‘आमच्या’ म्हणजे पतिपत्नीचे, आणि बेबीताईंचे ‘आमचं’ म्हणजे सगळ्या वाड्याचे. आपली एकटीची कहाणी सांगावयाची तर वाड्याची सांगितल्यावाचून ती पुरी होत नाही, असे त्यांना वाटले असले पाहिजे.

लिहिता न येणाऱ्या बायकांनीही आपले ‘मी कोण’ राखले होते. त्यांनी ते ओवीत राखले. पहाटे जात्याचा खुंटा हाती धरला की भाऊ, आईबाप, माहेरचा रस्ता, गावचा देव, पोटची लेक हे सगळे नावानिशी ओवीत येई. हेमा राईरकर आणि गी पॉइटवॅं यांनी गेल्या शतकाच्या शेवटच्या दशकांत खेड्यापाड्यांतून हिंडून एक लाखाहून अधिक ओव्या जमविल्या आहेत. पिठाची गिरणी आली, जाते कोपऱ्यात गेले. कष्ट वाचले हे चांगलेच झाले; त्या कष्टांचे गोडवे गाण्याचे कारण नाही. पण ओवी गाण्याची जागा त्याबरोबर गेली आणि तिच्याऐवजी दुसरी जागा आपण केली नाही.

आता आमच्या घरचे एक उदाहरण सांगते. कारण मोठ्या बायकांच्या पुस्तकांत जे असते ते आपल्यासारख्यांच्या घरांतही असते, एवढे मला दाखवावयाचे आहे. आमचे घर सातारा जिल्ह्यात, कृष्णाकाठी. माझी आजी करारी बाई. कोणाला भ्यायची नाही. पण अंगणात मेलेला उंदीर दिसला की तिचा चेहरा उतरे. ती आम्हा पोरांना जेवणावरून उठवून परसात नेई आणि घर झाडून, धुऊन होईपर्यंत आत येऊ देत नसे. ‘आजी वाघाला भ्यायची नाही, पण उंदराला भिते’ असे घरातल्या मुलांचे गाणेच झाले होते. आजी गेली आणि गाणेही गेले.

पुढे आमच्या एका चुलतभावाने घराण्याची वंशावळ तयार केली. नऊ पिढ्यांचे पुरुष त्यात ओळीने उभे होते. सुनांच्या नावांपुढे सासरचे एक नाव, आणि लेकींच्या जागी पुष्कळ ठिकाणी काहीच नाही. आजीचे माहेर कोणते, तिचे पहिले नाव काय, हे कोणालाच सांगता येईना. तेव्हा आमच्या आत्याबाई नव्वदीच्या घरात होत्या. मी त्यांच्याजवळ जाऊन बसले. त्या म्हणाल्या, “अगं, आईच्या ओवीत कधी आईबाप आले नाहीत बघ. बाकीच्या बायका आईबापाची ओवी गायच्या, आमची आई मामाची गायची. तिचे आईबाप ती लहान असतानाच पिलेगात गेले. मामानं वाढवली, मामानंच लग्न लावून दिलं.” आणि थोड्या वेळाने त्यांनीच सांगितले, “माळ्यावर तांब्याची कळशी असेल. मामानं दिलेली. तिच्यावर नाव घातलंय.”

कळशी निघाली. चिंचेने घासल्यावर काठाखाली ठिपक्या-ठिपक्यांची अक्षरे दिसू लागली. आधी ‘चि. सौ. कां.’, मग एका मुलीचे नाव, मग मामाचे नाव आणि गाव, आणि शेवटी शके १८३४. आजीच्या आईने ठेवलेले नाव शंभर वर्षे त्या कळशीवर जपून राहिले होते. ते मी येथे छापीत नाही. ते आमच्या घरच्या वंशावळीत आता लिहिले आहे आणि तेथेच ते हवे होते.

उंदराचाही उलगडा मग झाला. १८९६ साली मुंबईत प्लेग आला, १८९७ च्या आरंभी पुण्यात पसरला आणि पुढे कित्येक वर्षे तो गावागावांतून फिरत राहिला. आधी घरात उंदीर मरून पडावयाचे आणि मागोमाग माणसे. उंदीर पडला की लोक घरे सोडून माळावर झोपड्या बांधून राहावयाचे. शाळेच्या पुस्तकात प्लेग म्हणजे रँडसाहेब आणि चाफेकर बंधू. हल्ली त्यात सावित्रीबाई फुल्यांचेही नाव येते. प्लेगच्या रोग्यांची शुश्रूषा करतानाच १० मार्च १८९७ रोजी त्या गेल्या. आमच्या घरात प्लेग म्हणजे परसात उभी केलेली पोरे. आजी उंदराला भीत नव्हती. आईबाप ज्या वाटेने गेले त्या वाटेवरून ती आम्हाला बाजूला काढीत होती. हे कळल्यापासून आमच्या घरातली लहान मुलेसुद्धा आजीच्या फोटोकडे निराळ्या नजरेने पाहतात. घरात अन्नपाणी झाकून ठेवण्याचा, आजाऱ्याला वेगळे अंथरूण देण्याचा जो शिरस्ता आहे, तो कोठून आला हेही आता त्यांना ठाऊक आहे.

येथे एक सावधगिरीची सूचना करणे अवश्य आहे. घरच्या गोष्टी सगळ्याच खऱ्या असतात असे नाही. ‘आमचे पूर्वज फार मोठे सरदार होते’, ‘आमची सात गावांची जहागीर होती’ अशा गोष्टी तोंडातोंडी वाढत जातात. याउलट काही गोष्टी मुद्दाम झाकल्या जातात. घरात एखादी विधवा आत्या असते, एखादी टाकलेली सून असते, जातीबाहेर लग्न केलेला एखादा मुलगा असतो. त्यांचे नावच काढावयाचे नाही असा अलिखित नियम असतो. अशी झाकलेली गोष्ट नाहीशी होत नाही. मुलांना घरात काहीतरी अडलेले आहे एवढे कळते आणि काय ते कळत नाही. ज्या लेखिकांची नावे मी वर घेतली, त्यांचा मोठेपणा मला यातच दिसतो की, त्यांनी मिरविण्याजोगे तेवढेच सांगितले नाही. टोमणेही सांगितले, बहिष्कारही सांगितला, भूकही सांगितली.

खरेखोटे पारखण्याचा एक सोपा उपाय आपल्या बायकांजवळ पूर्वीपासून आहे. आपण तारखा सांगत नाही, खुणा सांगतो. ‘माझे लग्न पानशेतच्या पुराच्या आदल्या वर्षी’ असे कोणी म्हटले की १९६० साल निघते. कारण पानशेत फुटले १२ जुलै १९६१ रोजी. ‘थोरला कोयनेच्या भूकंपाच्या वेळी पोटात होता’ म्हटले की डिसेंबर १९६७. ‘बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडावयास गेलो होतो’ हे तर सालासकटच सांगितले जाते. मानमोडीची साथ म्हणजे १९१८ सालचा इन्फ्लुएंझा. अशा खुणा जुळवीत गेले आणि एकीची गोष्ट दुसऱ्या जावेला, नणंदेला विचारून पाहिली की फुगवलेले गळून पडते आणि खरे उरते.

कोणी म्हणेल, एवढे करून साधावयाचे काय? नाव गेले म्हणून कोणाचे काय अडते? अडते. वंशावळीत लेकींचे नाव न लिहिण्याची सवय ही केवळ विसराळूपणाची नव्हती. जिचे नाव नाही तिचा वाटाही नाही. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने मुलीला वारस मानले आणि २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच तिचा जन्माने हक्क ठरला. तरीही वारसनोंदीच्या वेळी बहिणींची नावे सांगावयाची राहतात, हे आपल्या शेजारीपाजारी आपण पाहतो. आपल्या राज्य सरकारने २०२४ साली असा निर्णय केला की, १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्या बालकाच्या नावात सरकारी कागदांवर आधी बालकाचे, मग आईचे, मग वडिलांचे नाव आणि शेवटी आडनाव लिहावयाचे. म्हणजे आजच्या पाळण्यातल्या मुलांना आईचे नाव शोधण्यासाठी माळ्यावर चढावे लागणार नाही. पण आपल्या आईचे, आजीचे, पणजीचे नाव कोणताही सरकारी निर्णय परत आणून देणार नाही. ते काम आपले आहे.

म्हणून मंडळापुढे माझी एक सूचना आहे. या वर्षी मंडळात एक जाड पुठ्ठ्याची वही ठेवावी आणि तिला ‘माहेरची वही’ म्हणावे. प्रत्येक सभासद भगिनीने तिच्यात स्वतःचे पाळण्यातले नाव, माहेरचे गाव, आईचे आणि दोन्ही आज्यांचे पहिले नाव, आणि घरात सांगितली जाणारी एक गोष्ट लिहावी. गोष्ट मिरविण्याची असलीच पाहिजे असे नाही. खरी असावी एवढेच. जिला लिहिणे होत नसेल तिने सांगावे आणि आपल्यापैकी कोणी लिहून घ्यावे. हल्ली प्रत्येकीच्या हाती फोन आहे. आवाजही राखून ठेवता येईल. शेजारच्या मुसलमान, ख्रिस्ती, बौद्ध भगिनींनाही बोलवावे. त्यांच्या चाली निराळ्या असतील; पण आजी सर्वांनाच असते.

आपल्या मंडळात आज ऐंशीच्या पुढच्या भगिनी थोड्या उरल्या आहेत. त्यांच्याकडे आधी जावे. बुधवारच्या भजनानंतर अर्धा तास पुरे होईल. आणि एक लहानशी विनंती. जुनी तांब्यापितळेची भांडी मोडीत घालावयास काढाल तेव्हा ती एकदा चिंचेने घासून, काठाखाली नीट पाहून मगच द्यावीत. भांड्याचे चार पैसे येतील, पण त्यावर घातलेले नाव कोणाचे होते हे भांडे गेल्यावर कळणार नाही.